वसईचे दुभाषी आणि दहावीचा दाखला

सोळाव्या शतकात वसईत जन्मलेले गोन्सालो गार्सिया पोरवयातच येशूसंघीय धर्मगुरूंबरोबर जपानला गेले. बाप पोर्तुगीज, आई इथलीच. जपानी भाषा त्यांनी झपाट्याने आत्मसात केली. संघात कायमचा प्रवेश मिळेना, तेव्हा ते बाहेर पडून व्यापारी झाले आणि त्याच भाषेच्या जोरावर त्यांचा धंदा भरभराटीला आला. पुढे मनिलात ते फ्रान्सिस्कन बंधू झाले आणि फ्रान्सिस्कन धर्मगुरू पेद्रो बाप्तिस्तांचे दुभाषी म्हणून पुन्हा जपानला गेले, थेट तिथला सत्ताधीश हिदेयोशी याच्या दरबारात. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकीत त्यांना क्रुसावर मारण्यात आले; १८६२ मध्ये ते संत घोषित झाले. त्यांच्या हौतात्म्याची आठवण वसई ठेवते. मला मात्र त्यांच्या मधल्या, व्यापारी वर्षांचेही महत्त्व वाटते. परक्या देशात नोकरीची वाट बंद झालेला माणूस अंगच्या एका कौशल्यावर स्वतःच्या पायांवर उभा राहिला.

आज वसईच्या माणिकपुरातून आखातात निघालेल्याची प्रतवारी पासपोर्टातच होते. परदेशी स्थलांतराच्या १९८३ च्या कायद्यानुसार, काही अपवाद सोडले, तर दहावी पास नसलेल्याच्या पासपोर्टावर ‘ईसीआर’ शेरा पडतो. सौदी, कुवेत, कतार, अमिरातींसह १८ देशांत कामाला जायचे तर त्याला सरकारी मंजुरी लागते. करार तपासला जातो, १० लाखांचा प्रवासी भारतीय विमा काढावा लागतो. दहावीचा दाखला असला की ही रांग टळते. आपल्याकडे ती मोठी सोय मानतात. मला ती अर्धीच सोय वाटते. दहावी पास वेल्डरलाही तेच ऊन आणि तोच कफील, म्हणजे व्हिसा देणारा मालक, असतो, फक्त त्याच्या करारावर सरकारची नजर पडत नाही. परिचारिकांच्या भरतीत एजंटांनी लाखो रुपये उकळल्यावर २०१५ पासून त्यांना, पदवी असली तरी, या देशांसाठी मंजुरी सक्तीची झाली. म्हणून दाखला हातात असलेल्यानेही एजंटाचा नोंदणी क्रमांक ई-मायग्रेट या सरकारी संकेतस्थळावर तपासावा आणि मगच पैसे मोजावेत.

आखातात हुशार प्लंबरही वर्षानुवर्षे पगारीच राहतो, कारण व्हिसा मालकाशी बांधलेला असतो. दुबईत मुक्त क्षेत्राबाहेर कंपनी काढायची तर ५१ टक्के हिस्सा स्थानिक भागीदाराचा असे. ती अट बहुतेक धंद्यांसाठी २०२१ मध्ये सुटली. पण त्यासाठी लागणारे भांडवल प्लंबरकडे कुठून असणार?

कॅनडाचा हिशेब वेगळा. तिथे २०१५ पासून ‘एक्सप्रेस एन्ट्री’त वय, शिक्षण, भाषा, अनुभव यांचे गुण मोजून माणूस घेतात. पदवीने दार उघडते खरे, पण डॉक्टर, नर्स किंवा इंजिनिअर म्हणून काम करायचे तर प्रांताच्या नियामक संस्थेचा परवाना वेगळा. २०१२ मध्ये तिथल्या सरकारने प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात देशातले निम्मे टॅक्सीचालक स्थलांतरित निघाले, आणि त्यांत सुमारे २०० जण डॉक्टरेट किंवा वैद्यकीय पदवी असलेले. टॅक्सी चालवण्यात कमीपणा नाही. पण असा स्वयंरोजगार निवडलेला नसतो, तो माथी आलेला असतो. आपण मात्र दोन्हींना ‘स्वतःचा धंदा’ म्हणून मोकळे होतो.

कौशल्य आणि कागद यांचा हाच खेळ वसई रोड स्टेशनच्या अलीकडे-पलीकडेही चालतो. अंबाडी रोडवरच्या सलूनमध्ये उत्तरेतून आलेला मुलगा आधी दुसऱ्याच्या खुर्चीवर काम करतो, कमाईतला वाटा मालकाला देतो. कात्री त्याला घरीच शिकवलेली असते. हात बसला, गिऱ्हाईक नावाने विचारू लागले की तो गाळा भाड्याने घेतो. शाळेचा दाखला त्याला कोणी विचारत नाही. पूर्वेला वालीवच्या गाळ्यांत चित्र उलटे. लेथवरचा कारागीर जॉब फिरवतो, थांबवतो, व्हर्निअर लावतो, दोन शतांश मिलिमीटरची चूक पकडून पुन्हा हलका कट घेतो. आयटीआयचा कागद नाही म्हणून पगारपत्रकावर तो ‘हेल्पर’च. हा अन्याय मला फार सलतो, कारण त्यावर उपाय आहे. कौशल्य विकास योजनेत ‘पूर्वशिक्षणाची मान्यता’ ही सोय आहे: थोडे प्रशिक्षण, मग परीक्षा आणि प्रमाणपत्र. गाळेमालकांनी मनावर घेतले पाहिजे. कागदाची अट सुटू शकते: रिक्षाटॅक्सी चालवणाऱ्याला आठवी पासची अट होती, ती २०१९ मध्ये केंद्राने काढलीच ना? फेरीवाल्यांसाठी २०२० मध्ये स्वनिधी योजना आली. पहिले १० हजारांचे कर्ज विनातारण होते, पण पालिकेचे ओळखपत्र किंवा शिफारसपत्र लागे. मराठी अर्ज वाचता न येणारा भाजीवाला तिथेच अडखळतो.

पुन्हा भाषाच. २०२४ मध्ये महाराष्ट्राने जर्मनीच्या बाडेन-वुर्टेमबर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला. त्यात परिचारिका, इलेक्ट्रिशियन, चालक असे कितीतरी व्यवसाय आहेत. जर्मनीत परिचारिका म्हणून मान्यता मिळवायला साधारण बी-२ पातळीची जर्मन लागते. कामावर असताना ती होणे कठीण, आणि नोकरी सोडली तर घर कोणी चालवायचे? पदवीच्या फीसाठी कर्ज काढणे आपल्या अंगवळणी पडले आहे. भाषा शिकण्याच्या काळासाठी, घरखर्चासकट, कर्ज द्यायला वसईतल्या पतपेढ्यांनी आणि सहकारी बँकांनी पुढे यावे. परतफेड युरोच्या पगारातून होणार आहे.