कॅमेऱ्यामागचा माणूस : अशोक मेहता

भीमजयंतीला वस्तीत, विहारात जब्बार पटेल यांचा ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ (२०००) हा चित्रपट आपण पाहतो. मामुट्टी यांचा अभिनय सगळ्यांना आठवतो. छायाचित्रण अशोक मेहता यांचे होते, हे मात्र फार थोड्यांना माहीत असते.

उजेड कुठून यावा, माणूस किती जवळून दिसावा, हे छायालेखक दिग्दर्शकाबरोबर ठरवतो. इतिहास आपल्या डोळ्यांत कसा राहील, हेही त्यातूनच ठरते. मेहता स्टुडिओत काम करत करत ही कला शिकले. ‘३६ चौरंगी लेन’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. श्याम बेनेगल यांच्या ‘त्रिकाल’मध्ये (१९८५) त्यांनी पोर्तुगीज सत्तेच्या अखेरच्या काळातले गोव्यातील घर मेणबत्त्या-दिव्यांच्या उजेडात दाखवले.

शेखर कपूर यांच्या ‘बँडिट क्वीन’चे (१९९४) छायाचित्रणही त्यांचेच. जात आणि पुरुषसत्ता मिळून स्त्रीवर काय अत्याचार करतात, हे त्यात थेट दिसते. पण फूलन देवी तेव्हा हयात होत्या. आपल्यावरील बलात्कार पडद्यावर दाखवण्यास त्यांचा विरोध होता. त्यासाठी त्या न्यायालयात गेल्या. उत्तम छायाचित्रणानेही संमतीचा प्रश्न सुटत नाही, असे आम्हाला वाटते.

मित्रांनो, अत्याचारग्रस्त कुटुंबाला भेटायला जाताना मोबाईल आपल्या हातात असतो. तेव्हा कॅमेऱ्यामागचा माणूस आपणच असतो. व्हिडिओ काढण्याआधी त्या माणसांना विचारूया. ती नाही म्हणाली, तर मोबाईल खिशात ठेवूया.