मागच्या रांगेतील माणूस संगीतकार होतो तेव्हा

रॉक बँडचे कोणतेही छायाचित्र पाहावे. पुढे गायक, त्याच्या दोन्ही बाजूंना गिटारवादक आणि पार मागे, सिम्बलच्या आड अर्धवट दिसणारा चेहरा ड्रमरचा. हेवी मेटल या प्रकारात तर सर्वात जास्त घाम त्याचाच गळतो. पण बँड फुटला की सर्वात अवघड प्रश्नही त्याच्यापुढेच उभा राहतो. गायकाला गाता येते, गिटारवादकाला चाल बांधता येते. नुसता ठेका घेऊन ड्रमरने कुठे जायचे?

मुंबईत या प्रश्नाला एक उत्तर मिळालेले आहे आणि ते बहुतेक वेळा अंधेरीच्या दिशेने जाते. लोखंडवाला, ओशिवरा, वीरा देसाई रस्ता या पट्ट्यातील छोट्या स्टुडिओंत जाहिरातींची, मालिकांची आणि चित्रपटांची पार्श्वसंगीते तयार होतात. तेथे संगणकापुढे बसलेल्यांत एके काळी ड्रम बडवणारे हात कमी नाहीत. या वाटेवर सर्वात दूर गेलेले मुंबईकर नाव म्हणजे रणजित बारोट. काटेकोरपणे बोलायचे तर त्यांना मेटलचे ड्रमर म्हणता येणार नाही. रॉक, जॅझ आणि फ्यूजन हे त्यांचे प्रांत. तरीही ड्रमचा संच ते संगीतकाराची खुर्ची हा प्रवास समजून घ्यायचा, तर त्यांच्याइतके ठळक उदाहरण या शहरात दुसरे नाही.

बारोट हे कथक नृत्यांगना सितारादेवी यांचे चिरंजीव. १९२० साली कोलकात्यात जन्मलेल्या आणि २०१४च्या नोव्हेंबरमध्ये मुंबईत निधन पावलेल्या सितारादेवींच्या घरात लय ही भाषेसारखी बोलली जात असणार, हे सांगण्यासाठी पुराव्याची गरज नाही. कथकमध्ये तत्कार पायांनी होतो, बोल तोंडाने म्हटले जातात आणि तिहाई समेवर येऊन थांबते. बारोट ड्रम वाजवता वाजवता बोल म्हणतात, तेव्हा त्यांच्या वाद्याचा जन्म जरी परदेशातील असला तरी व्याकरण कुठले, हे ऐकणाऱ्याच्या लगेच लक्षात येते.

येथे मेटलशी असलेले एक नाते सांगायला हवे. मेटलचा ड्रमर दोन्ही पायांनी दोन पेडल चालवून बास ड्रमवर आघात करतो. मिनिटाला १८० मात्रांची लय धरली आणि प्रत्येक मात्रेत चार आघात केले, तर सेकंदाला १२ आघात होतात. म्हणजे एकेका पायाचे सहा. गाणे पाच मिनिटांचे असेल तर या पायांचे काय होत असेल, याचा अंदाज ज्याने कथकच्या वर्गाबाहेर उभे राहून घुंगरांचा आवाज ऐकला आहे, त्याला सहज येईल. कसरतीच्या पलीकडे आणखी एक गोष्ट आहे. मेटलचे गाणे ‘रिफ’वर, म्हणजे गिटारच्या एका छोट्या, पुनःपुन्हा येणाऱ्या आकृतीवर उभे असते आणि तिची वीट न् वीट बास ड्रमच्या आघातांना जोडलेली असते. मात्रा कुठे तोडायची, सात मात्रांनंतर आठवी का गाळायची, शांतता कुठे ठेवायची, हे बहुतेक वेळा ड्रमरच ठरवतो. आपल्याकडे तबल्याचा कायदा, रेला, गत यांना रचना म्हणतात आणि त्यांच्या कर्त्याचे नाव घराण्यात आदराने सांगितले जाते. त्या न्यायाने पाहिले तर ड्रमर मुळातच रचनाकार असतो.

नाव कुणाचे?

कायद्याच्या दृष्टीने मात्र तो रचनाकार नसतो आणि खरी मेख येथेच आहे. १९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार संगीतरचनेचा कर्ता संगीतकार. स्टुडिओत वाजवणारा वादक हा ‘सादरकर्ता’. २०१२च्या दुरुस्तीने गीतकार व संगीतकार यांना चित्रपटगृहाबाहेरील वापरातून येणाऱ्या मानधनात समान वाटा दिला आणि तो हक्क निर्मात्याला लिहून देता येणार नाही, अशी तरतूदही केली. सादरकर्त्यांचाही व्यापारी वापरातील हक्क त्याच दुरुस्तीत मान्य झाला. पण स्टुडिओतील वादकाचा रोजचा व्यवहार आजही सेशनच्या हिशेबाने चालतो : यावे, वाजवावे, पैसे घ्यावेत, जावे. गाणे पुढे वीस वर्षे वाजत राहिले तरी त्याच्या ठेक्याचा धनी वेगळाच असतो. तेव्हा ड्रमरने संगीतकार होणे ही केवळ कलेची ओढ समजू नये. श्रेयनामावलीत नाव कुठल्या पाटीवर येते, यावर त्याचे म्हातारपण अवलंबून असते.

हा प्रश्न नवा नाही. हिंदी चित्रपटसंगीताच्या सुवर्णकाळात सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्या गोव्याच्या संगीतज्ञांनी अरेंजर म्हणून जे काम केले, त्याची दखल रसिकांनी फार उशिरा घेतली. तालवादकांतही असे एक घराणे होते. कावस लॉर्ड यांचे चिरंजीव केरसी आणि बुजी या बंधूंनी ताल-वाद्यांचा कक्ष वर्षानुवर्षे सांभाळला; त्यातले केरसी लॉर्ड की-बोर्ड आणि अरेंजिंगकडेही वळले. मागच्या रांगेतून पुढे सरकण्याची वाट त्या पिढीनेच मळली होती.

पुढच्या पिढीच्या मदतीला यंत्रे आली. १९८३ साली मिडी ही प्रणाली रूढ झाल्यावर वाद्ये आणि संगणक एकमेकांशी बोलू लागले. १९८५च्या सुमारास रोलँड या जपानी कंपनीचा ऑक्टोपॅड आला आणि पाहता पाहता गणेशोत्सवातील ऑर्केस्ट्रापर्यंत पोहोचला. आठ चौकोनी पॅड, त्यात हवे ते आवाज. त्याचा आणखी एक गुण उपनगरातल्या मुलांना फार मोलाचा वाटला : कानाला हेडफोन लावला की शेजाऱ्यांना ऐकू येत नाही! घाटकोपर किंवा बोरिवलीच्या वन रूम किचनमध्ये खराखुरा ड्रम संच मांडून सराव करणे म्हणजे सोसायटीच्या सभेला आमंत्रण. त्यामुळे ड्रमरचा सराव तासाच्या भाड्याने मिळणाऱ्या जॅम रूममध्ये होतो. लोकलमध्ये खांद्यावर असतात त्या सिम्बल, स्नेअर आणि डबल पेडलच्या पिशव्या, बाकीचा संच जागेवरचा. ऑक्टोपॅड आणि संगणक यांनी या मुलांना घरात बसवले. घरात बसलेला ड्रमर आधी ठेका ‘प्रोग्रॅम’ करतो, मग त्यावर बेसची ओळ घालतो, मग की-बोर्डवर सुरांशी खेळू लागतो.

ठेक्याचे हे ज्ञान पडद्यापुढे कसे उपयोगी पडते, ते एका हिशेबाने पाहू. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने चालतो. मिनिटाला १२० मात्रांची लय घेतली तर एक मात्रा अर्ध्या सेकंदाची, म्हणजे नेमकी १२ चौकटींची. समजा, दृश्य सुरू झाल्यापासून ३७व्या सेकंदाला दार धाडकन बंद होते. पहिली मात्रा शून्यावर धरली तर दार ७५व्या मात्रेवर मिटणार. तेथे पाच मात्रांच्या तुकड्याची तिहाई आणायची, तर १५ मात्रा मागे मोजून ६१व्या मात्रेवर, म्हणजे बरोबर ३०व्या सेकंदाला ती उचलली पाहिजे. शेवटाकडून सुरुवातीकडे मोजत येण्याची ही सवय कथकच्या वर्गात लहानपणीच लागते आणि क्लिक ट्रॅकवर वर्षानुवर्षे वाजवलेल्या ड्रमरलाही ती अंगवळणी पडलेली असते. चाल सुचणे ही दैवी देणगी असेल, पण पार्श्वसंगीताचा अर्धा भाग हा असा गणिताचा आहे.

बारोट यांची चित्रपटातील कामगिरी या पार्श्वभूमीवर पाहावी. केतन मेहता यांच्या ‘ओह डार्लिंग ये है इंडिया’ (१९९५) या मुंबईतील एका रात्रीच्या संगीतमय कथेला त्यांचे संगीत होते. ‘फिजा’ (२०००) या खालिद मोहम्मद यांच्या चित्रपटातील बहुतेक गाणी अनु मलिक यांची. पार्श्वसंगीत मात्र बारोट यांचे. बिजॉय नाम्बियार यांच्या ‘शैतान’ (२०११) या चित्रपटात अनेक संगीतकार होते, त्यांतही त्यांचा वाटा होता. या यादीत लोकांच्या ओठांवर रेंगाळलेली गाणी शोधू गेल्यास निराशा होईल, हे मान्य करायला हवे. गुणगुणता येणारी चाल हे हिंदी चित्रपटाचे चलन आणि ठेक्यातून आलेला संगीतकार तेथे थोडा परकाच राहतो. ए. आर. रहमान यांच्या मैफलींत ड्रम आणि वाद्यवृंदाची धुरा सांभाळणारे बारोट हजारो श्रोत्यांनी पाहिले. संगीतकार बारोट त्यांतल्या किती जणांना ठाऊक असतील?

टोक्योतील उदाहरण

मेटलचाच ड्रमर आणि मान्यताप्राप्त संगीतकार, असे दोन्ही एकत्र पाहायचे तर जपानकडे वळावे लागते. योशिकी हा १९८२ साली स्थापन झालेल्या ‘एक्स’, पुढे ‘एक्स जपान’ या बँडचा ड्रमर. चौथ्या वर्षापासून पियानो शिकलेल्या या मुलाने मेटलच्या वादळी गतीत पियानो बसवला. १९९३ साली त्याच्या बँडने ‘आर्ट ऑफ लाइफ’ ही तब्बल २९ मिनिटांची एकच रचना स्वतंत्र अल्बम म्हणून काढली. त्याच वर्षी बीटल्सचे निर्माते जॉर्ज मार्टिन यांच्या साथीने लंडनच्या वाद्यवृंदाकडून त्याच्या सुरावटींचा अल्बम तयार झाला. १९९९ साली सम्राट अकिहितो यांच्या राज्यारोहणाच्या दहाव्या वर्षानिमित्त पियानो कन्चेर्टो रचण्याचा मान मिळाला, तो याच ड्रमरला. पण या कीर्तीची किंमत शरीराने मोजली. डोके आणि मान झोकून देण्याच्या त्याच्या वादनशैलीमुळे मानेच्या मणक्यांवर २००९ आणि २०१७ साली शस्त्रक्रिया कराव्या लागल्या. मेटलच्या ड्रमरने वेळेत पियानोकडे किंवा संगणकाकडे वळावे, यामागे असेही एक कारण असते. पाय आणि मान आयुष्यभर साथ देत नाहीत.

मुंबईच्या मेटलवाल्यांना सम्राटाचे बोलावणे आले नाही. त्यांना मैदान मिळण्याचीच मारामार. १९८६ साली सुरू झालेला ‘इंडिपेन्डन्स रॉक’ हा महोत्सव धोबीतलावच्या रंगभवनात गाजला. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रुग्णालये, शिक्षणसंस्था आणि न्यायालये यांच्याभोवती १०० मीटरचे शांतता क्षेत्र आखले आणि रुग्णालय-महाविद्यालयांच्या शेजारी असलेल्या रंगभवनातील गिटारी थंडावल्या. रुग्णाच्या झोपेपुढे रॉकचा हट्ट धरता येत नाही, हे खरेच. पण पर्यायी जागा देण्याची घाई कुणालाच नव्हती. महोत्सव पुढे अंधेरीच्या चित्रकूट मैदानावर गेला. पवईच्या आयआयटीतील ‘मूड इंडिगो’ची रॉक बँडची स्पर्धा हा उपनगरातील दुसरा आधार. २००८च्या फेब्रुवारीत ‘आयर्न मेडन’ने आपला जागतिक दौरा वांद्रे-कुर्ला संकुलातून सुरू केला, तेव्हा या शहरात मेटलचा श्रोता आहे याबद्दल शंका उरली नाही. श्रोता होता, ड्रमरला महिन्याचा पगार देईल इतका नव्हता.

तरीही येथील बँडनी रचनेची हौस सोडली नाही. २००० साली मुंबईत स्थापन झालेल्या ‘डेमॉनिक रिझरेक्शन’ने २०१७ साली ‘दशावतार’ नावाचा अल्बम काढला. विष्णूच्या अवतारांच्या नावाची गाणी, त्यांत मत्स्यही आणि कूर्मही. कोकणातील दशावतारी मंडळींनी ऐकला तर कानांवर हात ठेवतील, पण पखवाजाचा धुमारा ज्यांना आवडतो त्यांनी तो एकदा ऐकून पाहण्यास हरकत नाही.

बारोट यांचे स्वतःचे म्हणावे असे संगीत चित्रपटात नाही, ते ‘बडा बूम’ या २०१०च्या अल्बममध्ये आहे. त्यात झाकीर हुसेन यांच्याबरोबर गिटारवादक जॉन मॅकलॉक्लिनही आहेत. मॅकलॉक्लिन यांनी २००८च्या ‘फ्लोटिंग पॉइंट’साठी चेन्नईत ध्वनिमुद्रण केले, तेव्हा ड्रमवर बारोटच होते, २०१२च्या ‘नाऊ हिअर धिस’पासून ते त्यांच्या ‘फोर्थ डायमेन्शन’ या चौकडीत दाखल झाले. त्या चौकडीत की-बोर्ड वाजवणारे गॅरी हजबंड हेही मूळचे ड्रमर. मैफलीत मध्येच ते की-बोर्ड सोडून दुसऱ्या ड्रम संचावर जाऊन बसत आणि बारोट यांच्याशी सवाल-जबाब सुरू होई. एका बाजूने लीड्सचा ठेका, दुसऱ्या बाजूने कथकचे बोल. २०१७च्या अमेरिका दौऱ्यापर्यंत मॅकलॉक्लिन गिटार खाली धरून ते ऐकत उभे राहत.