प्रतीक्षा

प्रतीक्षा म्हणजे अपेक्षित व्यक्ती किंवा घटना येईपर्यंतचा काळ आणि त्या काळातील मनाची अवस्था होय. संस्कृतमधील 'प्रति' हा उपसर्ग व 'ईक्ष्' (पाहणे) हा धातू यांपासून हा शब्द सिद्ध झाला आहे. मराठीतील 'वाट पाहणे' या प्रयोगातही क्रिया पाहण्याचीच आहे. येणाऱ्याच्या वाटेवर दृष्टी लावणे हा त्याचा मूळ भाव. कोणी कोणासाठी थांबायचे, यावर प्रतीक्षेचा सांस्कृतिक अर्थ बराच अवलंबून असतो.

साहित्यात

नाट्यशास्त्रातील आठ नायिकांपैकी वासकसज्जा, विरहोत्कंठिता व प्रोषितभर्तृका या तिघी प्रियकराची किंवा पतीची वाट पाहणाऱ्या आहेत. महाराष्ट्री प्राकृतातील 'गाथासप्तशती'मध्येही अशी स्त्री वारंवार भेटते. एका गाथेत ती दिवस मोजण्यासाठी भिंतीवर रेघा ओढू लागते आणि पती गेला त्या दिवसाचा पूर्वार्ध सरण्याआधीच भिंत भरून टाकते. पुढे ज्ञानेश्वरांच्या विराण्यांत भक्तच विरहिणीच्या भूमिकेतून बोलतो.

पंढरपूरच्या परंपरेत

पुंडलिकाच्या कथेत हा क्रम उलटतो. आईवडिलांच्या सेवेत गुंतलेला पुंडलिक दारी आलेल्या देवाकडे वीट सरकवतो व त्याला थांबण्यास सांगतो. अठ्ठावीस युगे तिष्ठत उभा असलेला देव, ही विठ्ठलाची ओळख या कथेतून येते. इथे प्रतीक्षा देवाच्या वाट्याला आहे.

अमेरिकन समाजशास्त्रज्ञ बॅरी श्वार्ट्झ यांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात, समाजातील प्रतीक्षेची विभागणी सत्तेच्या विभागणीनुसार होते, असे मांडले. पुंडलिकाची कथा या नियमाला छेद देते. मंदिराचा इतिहास मात्र देत नाही. संत चोखामेळा यांना अस्पृश्य मानले गेल्याने मंदिरात प्रवेश नव्हता. १३३८ मध्ये मंगळवेढ्यास गावकुसाची भिंत कोसळून त्यांचा मृत्यू झाला. त्यांची समाधी मंदिराच्या महाद्वारासमोर, म्हणजे बाहेरच आहे. ही प्रतीक्षा स्वेच्छेची नव्हती, त्यामुळे तिला केवळ भक्तीच्या भाषेत मांडणे अपुरे ठरते. दलितांसाठी मंदिर खुले व्हावे म्हणून साने गुरुजींनी मे १९४७ मध्ये पंढरपुरात उपोषण केले आणि त्यानंतर दार उघडले.

आषाढी एकादशीच्या सुमारास पदस्पर्शदर्शनाच्या रांगेत वारकरी तासन्‌तास उभे असतात. ज्यांना तेवढे थांबणे शक्य नसते, ते मुखदर्शन घेऊन किंवा कळसाला हात जोडून परततात.