मंत्रलेला दोरा

गेल्या पावसाळ्यांत आमच्या वर्गांतील एक विद्यार्थी आठवडाभराच्या गैरहजेरीनंतर शाळेंत आला, तेव्हां त्याच्या पायांत सात गांठींचा काळा दोरा होता. धुऱ्यावर गवत कापतांना त्याला साप चावला होता. घरच्यांनीं त्यास मांत्रिकाकडे नेलें, मांत्रिकानें दोरा मंत्रून बांधला आणि मुलगा बरा झाला. "गुरुजी, दोऱ्यांत शक्ति असते कीं नाहीं?" असें त्यानें आम्हांस विचारलें. सारा वर्ग आमच्याकडे पाहूं लागला. मुलगा तर समोर धडधाकट उभा होता! त्या दिवशीं तासाची घंटा झाली व उत्तर अपुरें राहिलें. तें येथें पुरें करीत आहों.

आपला वाशीम जिल्हा कापसाच्या मुलखांतला. येथें सुतावांचून कोणाचेंच चालत नाहीं. ज्येष्ठी पौर्णिमेस स्त्रिया वडाभोंवतीं सूत गुंडाळतात. श्रावणी पौर्णिमेस बहीण भावाला राखी बांधते. अनंतचतुर्दशीस चौदा गांठींचा अनंत हातांत बांधतात. गवई शिष्यास गंडा बांधतो, तेव्हांच तो शिष्य खरा मानला जातो. कोणी दर्ग्याच्या जाळीस नवसाचा दोरा बांधतो, तर आम्हां ख्रिस्ती लोकांतहि कोणी धाग्यांत पदक ओंवून गळ्यांत घालतो. या दोऱ्यांची थट्टा करावी असें आम्हांस वाटत नाहीं. ते स्मरणाचे व वचनाचे दोरे आहेत. यहोशवाच्या पुस्तकांत राहाब नांवाच्या स्त्रीची कथा आहे. तिनें खिडकीला किरमिजी दोरी बांधली व यरीहो नगर पडलें तेव्हां तिचें घर वांचलें. पण घर वांचविलें तें दोरीनें नव्हे. दोरी पाहून दिलेलें वचन पाळलें गेलें, म्हणून तें वांचलें.

मग दोऱ्याच्या अंगीं स्वतःची अशी शक्ति नाहींच काय? आहे, पण ती पिळाची. कापसाचा तंतु जेमतेम इंचभर लांबीचा. तो बोटांनीं सहज तुटतो. असे शेंकडों तंतु एकत्र करून पिळले म्हणजे ते एकमेकांवर दाबले जातात, घर्षणामुळें निसटूं शकत नाहींत, आणि दोरा बळकट होतो. घरीं सुताचा पीळ उलगडून हळूच ओढून पहा. तें हातांतच सुटेल. मंत्र घातल्यानें हा पीळ वाढत नाहीं, न घातल्यानें कमी होत नाहीं.

मग तो मुलगा बरा कसा झाला? आपल्या शेतांत आढळणारे बहुतेक साप बिनविषारी असतात. भारतांत सर्वांत अधिक बळी घेणारे साप म्हणजे नाग, मण्यार, घोणस व फुरसें हे चार. यांपैकीं एखादा चावला तरी प्रत्येक वेळीं तो विष सोडतोच असें नाहीं. अशा रीतीनें मांत्रिकाकडे गेलेल्यांपैकीं पुष्कळजण दोरा नसता तरीहि वांचलेच असते. ते गांवभर दोऱ्याची कीर्ति सांगत फिरतात. जे दगावले, ते सांगावयास येत नाहींत; त्यांचें "आयुष्यच सरलें होतें" असें म्हणून लोक गप्प बसतात. दोऱ्याची सारी कीर्ति या एकतर्फी साक्षीवर उभी आहे.

आणि हे दगावलेले थोडे नाहींत. इ. स. २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतांत सर्पदंशानें सुमारें १२ लाख माणसें मेलीं असा संशोधकांचा अंदाज आहे. मण्यारीचा दंश तर पुष्कळदां दुखतहि नाहीं; निजलेल्या माणसास तो कळत नाहीं आणि कांहीं तासांनीं पापण्या जड होऊन श्वास कोंडूं लागतो. हे तास मांत्रिकाच्या ओट्यावर घालविले, तर मग डॉक्टरांच्याहि हातीं फारसें कांहीं उरत नाहीं.

सर्पविषावर खरें औषध आहे. घोड्यास विष अगदीं थोड्या प्रमाणांत टोंचीत गेलें म्हणजे त्याच्या रक्तांत विषाला मारक द्रव्य तयार होतें. त्यापासून प्रतिविष करतात. ही युक्ति फ्रान्समध्यें १८९४ सालीं सिद्ध झाली. आपल्या देशांतील प्रतिविष वरील चारहि सापांच्या विषावर चालतें आणि सरकारी रुग्णालयांत तें देतात. म्हणून साप चावल्यास रोग्यास धीर द्यावा, चालवूं नये. दंश झालेला अवयव फळीला सैल बांधून स्थिर ठेवावा आणि १०८ क्रमांकावर गाडी बोलवावी. जखम कापूं नये, चोखूं नये. दोरी करकचून आवळूं नये. तिनें रक्त अडून अवयवच निकामी होण्याचें भय असतें.

डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनीं ज्या कायद्यासाठीं अनेक वर्षें खटपट केली, तो त्यांच्या हत्येनंतर २०१३ सालींच महाराष्ट्रांत झाला. साप, विंचू वा कुत्रें चावलेल्यास वैद्यकीय उपचारापासून अडवून मंत्रतंत्र वा गंडेदोरे करणें हा त्या कायद्यानें गुन्हा ठरला आहे.

त्या विद्यार्थ्यास दोरा तोडून टाक असें आम्हीं सांगितलें नाहीं. तो मांत्रिकानें मंत्रलेला असला, तरी त्याच्या पायांत बांधला होता त्याच्या आईनें, रात्रभर उशाशीं बसून. आम्हीं त्याच्याकडून एकच वचन घेतलें: पुन्हां कधीं घरांत वा शेजारीं कोणास साप चावला, तर आधीं दवाखाना. तेंच वचन आम्ही प्रत्येक विद्यार्थ्याकडे व त्याच्या आईबापांकडे मागत आहों. दोरा मागाहून बांधतां येईल. गेलेला तास परत येत नाहीं.