माईक जेव्हा बोलू लागतो

विद्यार्थी मित्रांनो, २६ जानेवारीची सकाळ डोळ्यांपुढे आणा. घुग्घुससारख्या कोळसा-सिमेंटच्या गावातील शाळा. बाहेर रस्त्यावरून कोळशाचे ट्रक धडधडत आहेत. मैदानात माईक उभा आहे, झाडाला कर्णा बांधलेला आहे. पाहुणे माईकपुढे बोलतात आणि तुम्ही खाली बसून ऐकता. समजा, त्या क्षणी तो माईकच बोलू लागला तर? तुम्ही म्हणाल, चमत्कार! पण हा चमत्कार नव्हे. हे तुमच्या पाठ्यपुस्तकातले भौतिकशास्त्र आहे. मुंबईच्या एका कलावतीने त्याचाच आधार घेऊन एक अवघड प्रश्न विचारला आहे.

त्यांचे नाव शिल्पा गुप्ता. जन्म १९७६ चा, मुंबईचा. सर जे. जे. कलामहाविद्यालयात त्यांनी शिल्पकलेचे शिक्षण घेतले. पण छिन्नी-हातोड्याऐवजी त्यांच्या हाती कॅमेरा, संगणक, इंटरनेट आणि माईक अशी साधने आली. या साधनांचे कौतुक करणे एवढाच त्यांचा हेतू नाही. ही यंत्रे कोणाच्या कामी येतात, कोणाला गप्प बसवतात, हे त्या तपासतात.

एकच यंत्र, दोन कामे

प्रथम माईकचे पोट उघडून पाहू. शाळेत बहुधा असतो त्या प्रकारच्या माईकमध्ये एक पातळ पडदा असतो. पडद्याला बारीक तारेचे वेटोळे चिकटवलेले असते आणि ते वेटोळे चुंबकाच्या फटीत असते. तुम्ही बोललात की हवा कंप पावते, पडदा हलतो, वेटोळेही हलते. चुंबकीय क्षेत्रात तार हलली की तिच्यात विद्युत्‌प्रवाह निर्माण होतो. मायकेल फॅरडेने १८३१ साली शोधलेले विद्युत्‌चुंबकीय प्रवर्तन ते हेच.

आता कर्णा किंवा स्पीकर उघडा. आत काय दिसते? पडदा, वेटोळे आणि चुंबक! येथे क्रम मात्र उलटा. वेटोळ्यात प्रवाह सोडला की त्याच्यावर बल लागते, पडदा पुढेमागे हलतो आणि हवा ढकलली जाऊन आवाज निघतो. म्हणजे ऐकणारा आणि बोलणारा, दोघांची घडण एकच. ग्रॅहॅम बेलच्या सुरुवातीच्या टेलिफोनमध्ये तर माणसे एकाच उपकरणात बोलत आणि तेच कानाला लावून ऐकत.

हे स्वतः करून पाहा. मोडक्या रेडिओतील दोन लहान स्पीकर मिळवा. (रेडिओची वीज आधी तोडा, बरे का!) दहा मीटर दुपदरी तारेने एकाची दोन टोके दुसऱ्याच्या दोन टोकांना जोडा. शेजारच्या खोलीत मित्राला एक स्पीकर कानाशी धरायला सांगा आणि दुसऱ्यात तोंड जवळ नेऊन मोठ्याने बोला. सेल नाही, बॅटरी नाही, तरी मित्राला क्षीण आवाज ऐकू येईल. शाळेचा माईक मात्र अ‍ॅम्प्लिफायरच्या कर्ण्याच्या जागी जोडू नका. त्याची नाजूक तार जळून जाईल. शिवाय सर्वच माईक असे उलटत नाहीत. मोबाईलच्या चिमुकल्या माईकला जोडलेले मंडल एकाच दिशेने काम करते.

शंभर कवी, शंभर माईक

शिल्पा गुप्ता यांनी २०१७-१८ मध्ये एक रचना केली. तिचे नाव ‘फॉर, इन युवर टंग, आय कॅनॉट फिट’. अर्थ असा की, तुझ्या भाषेत मी मावत नाही. एका अंधाऱ्या दालनात शंभर माईक वरून लटकतात. प्रत्येकाखाली लोखंडी सळई आणि तिच्या टोकावर टोचलेला कागद. त्या कागदावर लिखाणामुळे किंवा मतांमुळे तुरुंगात गेलेल्या एका कवीचे शब्द आहेत. असे निरनिराळ्या शतकांतील, निरनिराळ्या भाषांतील शंभर कवी. आणि माईक उलटे जोडलेले, म्हणजे तेच बोलतात! एक आवाज ओळ म्हणतो, बाकीचे त्यात सूर मिसळतात. २०१८ च्या कोची बिनालेत आणि २०१९ च्या व्हेनिस बिनालेत ही रचना लोकांनी पाहिली.

माईकच का निवडला असेल? माईक ज्याच्या हाती, त्याचे म्हणणे सर्वांना ऐकावे लागते. ज्यांच्या तोंडापुढचा माईक काढून घेतला गेला, त्यांचे शब्द आता माईकच म्हणतो आहे.

येथे विज्ञानाच्या विद्यार्थ्याने घेण्यासारखे काही आहे. चुंबकाला आणि तारेला दोन्ही दिशा सारख्याच. कोणी बोलावे आणि कोणी नुसते ऐकावे, हे निसर्गनियमाने ठरत नाही. तारा जोडणारा माणूस ते ठरवतो. तुमच्या घरच्या मोबाईलचेही तसेच. तो तुम्हांला ऐकवतो, तसा ऐकतोही. त्याच्या सेटिंगमध्ये जाऊन कोणकोणत्या अ‍ॅपला माईक वापरण्याची परवानगी दिली आहे, ते आज वडीलधाऱ्यांसोबत बसून पाहा. ज्याला गरज नाही, त्याची परवानगी काढून टाका.

आणि शिक्षकमित्रांनो, पुढच्या कार्यक्रमात भाषणे संपली की माईक पाच मिनिटे शेवटच्या रांगेत नेऊन पाहा. तिथली मुले काय बोलतात, ते कर्ण्यातून आपणही ऐकू या.