एका देवळात दोन वेद्या

इ.स. 597. पोप ग्रेगरीने ख्रिस्ती धर्माच्या प्रसारासाठी धाडलेला ऑगस्टीन चाळीसेक साथीदारांसह इंग्लंडमधल्या केंट राज्यात उतरला. राजा एथेलबर्टची राणी बर्था आधीपासूनच ख्रिस्ती. तरी राजाने पाहुण्यांना घरात घेतलं नाही. छपराखाली जादूटोणा करतील या धास्तीने भेट उघड्यावर झाली! पुढे राजाने बाप्तिस्मा घेतला.

ग्रेगरी मोठा धोरणी. 601 मध्ये त्याने इंग्लंडमधल्या आपल्या माणसांना कळवलं, जुन्या देवांच्या मूर्ती फोडा पण देवळं पाडू नका. पवित्र पाणी शिंपडून तिथेच उपासना सुरू करा. लोकांना बैल कापायची सवय आहे ना? मग सणाला कापू द्या, देवाचे आभार मानून जेवू द्या.

ईस्ट अँग्लियाच्या राजा रेडवाल्डने तर दोन्ही डगरींवर पाय ठेवला. केंटमध्ये बाप्तिस्मा झाला, पण घरी परतताच बायकोने आणि सल्लागारांनी त्याचे कान भरले. मग एकाच देवळात ख्रिस्ताची वेदी आणि तिथेच जुन्या देवांना बळी द्यायची छोटी वेदी. 731 च्या सुमारास इतिहास लिहिणाऱ्या बीड या भिक्षूने हे नाक मुरडूनच नोंदवलंय.

1939 मध्ये ईस्ट अँग्लियातल्याच सटन हू इथे जहाजासकट केलेलं एक राजेशाही दफन उकरलं गेलं. ते बहुधा रेडवाल्डचंच. जहाजात पुरण्याची रीत जुन्या धर्माची, पण सोबतच्या चांदीच्या वाडग्यांवर नक्षी मात्र क्रूसाची.