पडद्यावरील पहिली मोहिनी

'राजा हरिश्चंद्र' मधील तारामती हा पुरुष होता, हे सांगितले की आजची मुले हसतात. पण १९१३ साली दादासाहेब फाळक्यांना पुष्कळ शोधूनही नटी मिळाली नाही. अखेर खानावळीत काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना लुगडे नेसवावे लागले. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कोवळ्या वयाची कन्या कमला मोहिनी. पतीपासून विभक्त झालेली ही माता मुलीसह नाटक मंडळीत पोट भरीत होती. नाटकातही स्त्रीभूमिका पुरुषच रंगवीत, असा तो काळ! फाळक्यांचा गौरव करताना आम्ही लेखणीवाल्यांनी या मायलेकींचा उल्लेख ओझरताच केला, हे कबूल केले पाहिजे.

पुढे कमलाबाई गोखल्यांना ऐन तारुण्यात वैधव्य आले. पदरी तीन मुले. तोंडाला रंग लावूनच त्यांनी ती वाढविली. चंद्रकांत नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबलावादक. १९९२ साली रीना मोहन यांनी या वृद्ध अभिनेत्रीवर 'कमलाबाई' हा माहितीपट केला. २००४ पासून पणजीत आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. तेथे तो आमच्या शाळकरी मुलांना मुद्दाम दाखवावा, अशी आमची आयोजकांना सूचना आहे.